सातवं अक्षर

रात्रीचे अडीच. आयटी पार्क, तिसरा मजला.
एसी इतका की माऊससुद्धा गार लागतो,
आणि खाली डांबरात मे महिना अजून जागा.
माझ्या स्क्रीनवर ओहायोची एक बाई,
वय एक्क्याऐंशी, नाव झाकलेलं.

ही तिची दुसरी खेप.
पहिल्या खेपेचा कोड कुणीतरी लावून ठेवलाय :
टी शहात्तर, पॉइंट, शून्य एक, एक्स, ए.
प्रौढ व्यक्तीची हेळसांड, संशयित.
म्हणजे झाली असेल. नसेलही.
एक्सला अर्थ नसतो, तो नुसती जागा धरतो,
एसटीच्या खिडकीतून सीटवर टाकलेल्या रुमालासारखा.
खरं काय ते सातव्या अक्षरात.
ए म्हणजे उपचार चालू आहेत.
डी म्हणजे ती पुन्हा आलीये, भरून येतंय.
एस म्हणजे आता जे मागे उरलं ते.

पुन्हा तर आलीये.
पण टाचेची जखम आधीपेक्षा रुंद,
वजन सात पौंडांनी कमी.
'मुलगा सांगतो, नीट जेवते.'
त्या वाक्यापुढे डॉक्टरांनी काही लिहिलेलं नाही.
लिहिलं नाही म्हणजे घडलं नाही,
हे आम्हाला पहिल्याच आठवड्यात शिकवतात.
डॉक्टरांना प्रश्न पाठवता येतो,
फक्त उत्तर प्रश्नात दडलेलं नको.
मी तीनदा टाइप केला, तीनदा पुसला.
प्रत्येक वेळी उत्तर आत दिसत होतं.

मंगळवारी बाबांना मेडिकलला नेलं.
त्यांचीही दुसरीच खेप.
चाळीस वर्षं मागावर बसलेला माणूस, दशरथ पौनीकर,
बाकावर टेकला तर बाकाला कळलं नाही.
पायाची पट्टी मागच्या वेळचीच होती,
कडेनं पिवळी.
शिकाऊ डॉक्टरीण म्हणाली, घरी कोण पाहतं यांना?
धाकट्यानं माझ्याकडे पाहिलं,
मी त्याच्याकडे.
तो वरच्या मजल्यावर राहतो, जिना तेरा पायऱ्यांचा.
मी बेशाला, हप्ते फेडतो,
दर पाच तारखेला त्याच्या खात्यात चार हजार टाकतो
आणि पावतीचा स्क्रीनशॉट जपून ठेवतो.
बाबाच बोलले, "पोट्टे लय पाह्यतेत जी मले.
काई कमी नाई."
तिनं लिहिलं : ड्रेसिंग. पंधरा दिवसांनी दाखवणे.

घरी सोडलं तेव्हा कूलरची टाकी कोरडी,
ताट्या वाळून पापडासारख्या.
दोन बादल्या ओतल्या.
ताट्यांनी पाणी पिताना कसला आवाज केला!
"थंड लागून राह्यलं गा," बाबा म्हणाले,
डोळे मिटून, कुणाला तरी दुसऱ्यालाच सांगितल्यासारखं.

हेळसांड कुणी केली, त्याचेही कोड आहेत.
नवरा, बायको, भाऊ, घरी येणारी नर्स.
अलीकडे अपत्याला स्वतःचा आकडा मिळालाय.
पण तो खात्री झाल्यावरच लावायचा.
नुसता संशय असेल तर तो रकाना कोरा ठेवायचा,
नियमच आहे तसा, आणि क्वालिटीवाली मुग्धा हेडाऊ
त्या एका चुकीचे पुरे पाच गुण कापते.

मी रकाना कोरा ठेवला.
मग बराच वेळ त्या कोऱ्या चौकोनात
कर्सर लुकलुकताना पाहत बसलो.
तासाला बारा चार्ट असतात. माझे त्या तासाला सात झाले.
ओहायोची बाई प्रश्नासकट पेंडिंगमध्ये ठेवली.

सकाळी सहाला गाडी बेशाकडे न वळता
गोळीबार चौकाकडे गेली.
गल्लीत कुणी रस्ता झाडत होतं, कुठे दुधाची पिशवी दाराला टांगलेली.
दाराशी पोचल्यावर आठवलं,
किल्ली धाकट्याकडे असते, आणि बाबांना कडी काढायला वेळ लागतो.
आत कूलर चालू होता.
पंखा फिरत होता, पाण्याचा आवाज नव्हता.
मी लगेच कडी वाजवली नाही.